‘धुआँ धुआँ’पासून ‘चश्मे बद्दूर’पर्यंत: सई परांजपे यांची दूरदर्शनची शिदोरी

सई परांजपे यांचं नाव निघालं की गप्पा ‘स्पर्श’, ‘चश्मे बद्दूर’ आणि ‘कथा’ यांच्यावर येऊन थांबतात. फार तर कुणी नाटकवेडा ‘जास्वंदी’ किंवा ‘सख्खे शेजारी’ची आठवण काढतो. दूरदर्शनवरची त्यांची वर्षं मात्र परिचयाच्या एका ओळीत उरकली जातात, जणू ती खऱ्या कामाआधीची उमेदवारी होती. मला हे पटत नाही. त्यांच्या गाजलेल्या पहिल्या दोन सिनेमांच्या गोष्टी आधी दूरदर्शनवर होऊन गेल्या होत्या. त्या सिनेमांत जे आपल्याला खास सईंचं म्हणून आवडतं, ते बरंचसं स्टुडिओतल्या टंचाईत घडलेलं आहे. हे म्हणणं तपासायचं तर सगळी कारकीर्द मांडायची गरज नाही. १९७२ ते १९८५ एवढा टप्पा पुरतो.

घरची हकिगत बहुतेकांना ठाऊक असते, म्हणून थोडक्यात. जन्म १९३८चा, लखनौचा. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे, आई शकुंतलाबाई म्हणजे ‘कुंकू’त काम केलेल्या, संततिनियमनाच्या प्रचारासाठी आयुष्य घालवलेल्या, पुढे राज्यसभेत गेलेल्या. वडील रशियन चित्रकार. आजोबा ऑस्ट्रेलियात हायकमिशनर होते तेव्हा बालपणाची काही वर्षं तिकडे गेली. आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे परीकथांचं पुस्तक. या सगळ्याचं कौतुक करण्यात लेखच्या लेख खर्ची पडले आहेत. आपल्या कामाच्या गोष्टी त्यानंतरच्या आहेत.

पहिली गोष्ट आकाशवाणी. पुणे केंद्रावर त्या निवेदिका होत्या आणि मुलांच्या कार्यक्रमांतून त्यांचं नाव झालं. रेडिओत माणसाला दोन सवयी लागतात. एक, दिलेल्या मिनिटांत गोष्ट संपवायची. दुसरी, जे दिसत नाही ते आवाजातून उभं करायचं. यातली दुसरी सवय पुढे ‘स्पर्श’मध्ये कुठे उपयोगी पडली ते बघू. दुसरी गोष्ट राष्ट्रीय नाट्य विद्यालय. तिथून त्या १९६३ साली बाहेर पडल्या. इब्राहिम अल्काझी तिथे नुकतेच संचालक झाले होते. तालमीची शिस्त, रंगमंचावरच्या हालचालींचा आराखडा, नेपथ्यापासून प्रकाशापर्यंत सगळ्यात हात घालायची सक्ती या बाबतीत त्यांचं विद्यालय प्रसिद्धच होतं.

मग दिल्लीचं दूरदर्शन. तेव्हाचं दूरदर्शन म्हणजे काय होतं हे आजच्या वाचकाला सांगायला हवं. १५ सप्टेंबर १९५९ ला दिल्लीत प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झालं, रोजचं प्रक्षेपण व्हायला १९६५ उजाडलं, आणि १९७२ पर्यंत आख्ख्या देशात दूरदर्शन म्हणजे दिल्ली केंद्र, बस्स. कारभार आकाशवाणीचाच, स्टुडिओही आकाशवाणी भवनातला. वेगळं खातं झालं ते १९७६ साली. संच मूठभर घरांत. सुरुवातीला तर वस्त्यांमधून टेलिक्लब काढून लोकांना एकत्र बसवून कार्यक्रम दाखवत. चित्र काळं-पांढरं. कार्यक्रम बहुतांशी थेट जायचे, त्यामुळे नट अडखळला तर अडखळलेलाच दिसायचा. पुढे टेप आली, पण ती इतकी महाग की कार्यक्रम झाला की पुसून त्याच टेपवर दुसरा. त्या काळातलं किती काम आज बघायला मिळत नाही, याचं मूळ या काटकसरीत आहे.

अशा ठिकाणी निर्मात्याच्या हुद्द्यावरच्या माणसाला काय करावं लागे? संहिता लिहायची किंवा लिहून घ्यायची. कलाकार ठरवायचे, त्यांच्या मानधनाची मंजुरी मिळवायची, करारपत्रं धाडायची. स्टुडिओ कुठल्या दिवशी किती तास मिळतोय ते बघून तालमी बसवायच्या. सेटला किती जागा आणि कॅमेरे कुठे, याचा नकाशा काढायचा. आणि प्रत्यक्ष कार्यक्रमाच्या वेळी वर पॅनेलवर बसून, समोरच्या मॉनिटरांवर नजर ठेवून, कुठल्या कॅमेऱ्याचं चित्र आता बाहेर जाणार ते त्या क्षणी सांगायचं. सिनेमात संकलकाच्या टेबलावर महिनोन् महिने चालणारं काम इथे तिथल्या तिथे, नाटक चालू असताना व्हायचं. पैसा सरकारी असल्यामुळे गल्ल्याची चिंता नव्हती, पण मंजूर रकमेपलीकडे एक रुपया वाढवून मिळायचा नाही. लेखक, दिग्दर्शक आणि निर्माता या तीन कामांच्या भिंती तिथे नव्हत्याच. आज आपण ज्याला ‘अष्टपैलू’ म्हणून टाळ्या देतो, ती त्या नोकरीची रोजची गरज होती. पु. ल. देशपांडेही सुरुवातीच्या काळात याच दिल्ली दूरदर्शनवर होते, तेव्हा मराठी माणसाला ही जागा अगदीच परकी नव्हती.

सईंचं या काळातलं दप्तरी नोंद असलेलं मोठं यश म्हणजे ‘द लिटल टी शॉप’, १९७२. या टेलिफिल्मला तेहरानला आशियाई प्रसारण संघाचं पारितोषिक मिळालं. त्याच वर्षी २ ऑक्टोबरला मुंबई दूरदर्शन सुरू झालं, देशातलं दुसरं केंद्र. त्याच्या उद्घाटनाचा कार्यक्रम करायला दिल्लीहून सई परांजपे यांची निवड झाली. या निवडीकडे लोक मानाचं पान म्हणून बघतात. मला त्यात व्यवहार जास्त दिसतो. नव्या केंद्राला, नव्या यंत्रांवर, नवख्या माणसांना घेऊन पहिल्याच दिवशी फजिती नको होती. त्यासाठी पॅनेलवर बसून घाम न फुटणारं माणूस लागतं, आणि असं माणूस तेव्हा फक्त दिल्लीतच मिळणार होतं.

इथपर्यंत पार्श्वभूमी. आता मूळ प्रकरण.

दूरदर्शनसाठी सईंनी ‘रैना बीती जाए’ नावाची गोष्ट केली होती, तीच पुढे ‘स्पर्श’ झाली. आणि ‘धुआँ धुआँ’ केली होती, ती झाली ‘चश्मे बद्दूर’. लहान पडद्यावरचं मोठ्या पडद्यावर नेताना आपल्याकडे नेहमीचा उपाय म्हणजे वाढवणं: पात्रं वाढवा, गाणी घाला, बाहेरगावी जा. दोन्ही वेळा सईंनी हा मोह बऱ्याच अंशी टाळला.

‘स्पर्श’चं घ्या. निर्माते बासू भट्टाचार्य. अंध मुलांच्या शाळेचा अंध मुख्याध्यापक अनिरुद्ध परमार, म्हणजे नसीरुद्दीन शाह. तरुणपणी विधवा झालेली कविता, म्हणजे शबाना आझमी. चित्रीकरण दिल्लीच्या ब्लाइंड रिलीफ असोसिएशनच्या वास्तूत झालं, तिथली खरी मुलं सिनेमात आहेत आणि अनिरुद्ध हा तिथले मुख्याध्यापक मित्तल यांच्यावर बेतलेला आहे. दोघांची पहिली भेट कशी होते आठवा. अनिरुद्ध डॉक्टरकडे निघालाय, गाण्याचा आवाज कानावर येतो आणि आवाजाच्या मागे जात तो भलत्याच दाराशी पोचतो. नायिका प्रेक्षकाला दिसायच्या आधी नायकाला ऐकू येते. हा प्रसंग रेडिओवाल्या माणसालाच सुचावा असा आहे. दुसऱ्या कुणी नायकाच्या काळ्या चष्म्यावर आणि काठीवर कॅमेरा रेंगाळत ठेवला असता, वर करुण सारंगीही लावली असती.

पुढचा एक प्रसंग जवळून पाहण्यासारखा. कविता शाळेत अनिरुद्धच्या खोलीत आली आहे. कॉफीची वेळ. ती सवयीने मदतीला पुढे होते आणि तो चिडतो. त्याला मदत नको आहे. आपल्या खोलीत आपण यजमान आहोत एवढंच त्याला हवं आहे. आख्ख्या सिनेमाचा पेच या एका कपात मावलाय: कोण कुणाला देतंय, आणि देणाऱ्याला त्यात काय मिळतंय. प्रसंगाला लागतं काय? एक खोली, दोन माणसं, एक टेबल, थोडी भांडी. स्टुडिओत हेच मिळायचं. लहान पडद्यावर लांबून घेतलेलं दृश्य म्हणजे नुसता ठिपका. त्यामुळे दूरदर्शनवाल्यांना चेहरा आणि हात यांच्यावरच गोष्ट चालवावी लागे. ‘स्पर्श’मध्ये हातांकडे जितकं लक्ष आहे तितकं त्या वेळच्या हिंदी सिनेमात मला दुसरीकडे दिसत नाही. विषय अंधत्वाचा आहे हे खरं, पण विषय पुष्कळांना मिळतात.

पडद्यावर हे जमलं, पण त्या नव्या जगात सईंनी एक गोष्ट गमावली होती. दूरदर्शनवर कार्यक्रम केला की ठरल्या दिवशी ठरल्या वेळी तो लोकांपुढे जायचाच. ‘स्पर्श’ला १९७९ सालच्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपट, पटकथेसाठी सई आणि अभिनयासाठी नसीर असे तीन मान मिळाले. तरीही सिनेमा प्रेक्षकांपर्यंत नीट पोचायला वर्षं गेली. इतकी की फिल्मफेअरचे सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि दिग्दर्शनाचे पुरस्कार त्याला मिळाले ते १९८५ साली. तोवर ‘चश्मे बद्दूर’ आणि ‘कथा’ येऊन गेले होते! लेखन आणि दिग्दर्शन हातात होतं, पण निर्मितीचं तिसरं पद दुसऱ्याकडे गेलं, आणि सिनेमा केव्हा लागणार हे त्या तिसऱ्या पदावर ठरतं. सईंच्या सिनेमातल्या प्रवासाबद्दल बोलताना ही बाजू फारशी कुणी मांडत नाही. त्यांची पकड ढिली झाली असेल तर कलेत नव्हे, कारभारात झाली.

आता ‘चश्मे बद्दूर’. १९८१, निर्माते गुल आनंद. दिल्लीत एका खोलीत राहणारे तीन विद्यार्थी: सिद्धार्थ, ओमी, जोमो. फारूख शेख, राकेश बेदी, रवी बासवानी. कोपऱ्यावर लल्लन मियाँची पानाची टपरी आणि तिथली कधीही न फिटणारी सिगरेटची उधारी. मूळ नाव ‘धुआँ धुआँ’ का होतं हे सुरुवातीलाच कळतं: एकच सिगरेट तिघांच्या हातांतून फिरते. तीन स्वभाव, खिशातली कडकी आणि मैत्री, सगळं त्या एका सिगरेटवर कळून जातं, संवाद सुरू व्हायच्या आत. सेटवर माणसं आणि वस्तू कमी असल्या की वस्तूंकडून दुप्पट काम करून घ्यावं लागतं. सईंच्या हातात वस्तू नुसती सजावटीला कधीच नसते.

याचा कळस म्हणजे ‘चमको’ पावडरीचा प्रसंग. हा प्रसंग माहीत नाही असा माणूस विरळा. ओमी आणि जोमो आपापल्या परीने नायिकेवर, म्हणजे नेहावर, छाप पाडायला जाऊन तोंडघशी पडलेत आणि येऊन मित्रांना भलत्याच बढाया मारल्यात. एक दिवस सिद्धार्थ खोलीत एकटा असताना दारात नेहाच उभी, कपडे धुण्याची पावडर विकायला. दीप्ती नवल पाठ केलेलं विक्रीचं भाषण म्हणते, पाण्यात पावडर टाकते, फेस काढते, कपडा बुचकळून दाखवते. तो गोंधळून बघत राहतो. आता हे दृश्य सिनेमा विसरून बघा. एक खोली. दोन पात्रं. दाराशी प्रवेश. मध्ये एक बादली. हातांचं चालू असलेलं प्रात्यक्षिक, त्यावर जवळून घेतलेली चित्रं, मध्येच ऐकणाऱ्याचा चेहरा. हे टीव्हीवरच्या प्रात्यक्षिकाच्या कार्यक्रमाचं चित्रीकरण आहे, जसं पाककृतीचं किंवा शेतीच्या फवारणीचं करतात तसं. फक्त त्यात दोन तरुण माणसं एकमेकांना आवडायला लागली आहेत आणि दोघांनाही ते बोलता येत नाहीये. पावडरीची जाहिरात चालू ठेवून त्याखालून प्रेम सरकवणं, ही युक्ती मोठ्या बजेटच्या सिनेमात शिकलेल्या दिग्दर्शकाला सुचली नसती असं मी खुशाल म्हणेन. त्याने सरळ बाग गाठली असती.

बाग इथेही आहे, पण तिथे सईंनी आपली करामत केली आहे. सिनेमातले नायक-नायिका बागेत गातात तेव्हा लोक जमत कसे नाहीत, वाद्यं वाजतात कुठून, असली चर्चा हे दोघं बागेत बसून करतात. ओमी-जोमोच्या खोट्या प्रेमकहाण्या तर सरळ फिल्मी विडंबनं आहेत. मोठ्या पडद्यावर येऊन मोठ्या पडद्याचीच टिंगल करायची हिंमत बाहेरून आलेल्या माणसात असते.

मात्र याच सिनेमात माझ्या म्हणण्याची दुसरी बाजूही आहे. शेवटी दोस्त नेहाच्या अपहरणाचा बनाव रचतात, तो उलटतो, खरे गुंड येतात, धावपळ होते. सिनेमाचा सगळ्यात कच्चा भाग तोच. खोली सुटली, टपरी सुटली, आणि पकडही सुटली. प्रसंग मोठ्या मैदानावर गेला की सईंची गंमत पातळ होते. हा दोष पुढेही अधूनमधून दिसतो आणि तोही त्याच शाळेतून आलेला असावा. स्टुडिओ माणसाला जवळचं बघायला शिकवतो. मारामारी कशी मांडायची ते तिथे कुणी शिकवत नाही.

‘कथा’ (१९८३) वेगळ्या वाटेने आली. तिचं मूळ दूरदर्शनवर नाही, शं. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकात आहे. तरीही चाळीचे कठडे, नळावरची भांडणं, गच्ची, आणि सुरुवातीलाच गोष्ट सांगणारी आजी बघितली की मुलांच्या कार्यक्रमातल्या ताई आणि स्टुडिओतल्या बाई दोघी हजर असल्याचं कळतं. तिलाही सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तिच्याबद्दल पुष्कळ लिहून झालंय, मी भर घालत नाही.

आता १९८४. हे प्रकरण खरं कठीण होतं ते इथे. तीन यशस्वी सिनेमे पाठीशी असताना सई लहान पडद्यावर परत आल्या, ‘अडोस पडोस’ (१९८४) आणि ‘छोटे बडे’ (१९८५) या मालिका घेऊन. अनुभव, नाव, विषयांची जाण, सगळं होतं. मग आज त्या काळातल्या मालिका आठवताना लोक ‘हम लोग’, ‘ये जो है जिंदगी’, ‘नुक्कड’ म्हणतात, आणि सईंच्या मालिकांचं नाव आठवायला जरा वेळ का लागतो?

कारण मधल्या काळात दूरदर्शन पार बदललं होतं. १९८२च्या एशियाडबरोबर रंग आला, देशभर एकच कार्यक्रम दिसायला लागला, ठिकठिकाणी प्रक्षेपक उभे राहिले. जुलै १९८४ मध्ये ‘हम लोग’ सुरू झाली आणि तिच्या मागे मॅगी नूडल्सवाल्यांचा पैसा होता. प्रायोजक आला की निर्मात्याचं कामच बदलतं. आधी निर्माता म्हणजे पॅनेलवरचा माणूस. आता निर्माता म्हणजे कंपनीच्या दारात उभं राहून पैसे आणणारा आणि मंजुरीसाठी मंडी हाउसच्या, म्हणजे दिल्लीतल्या दूरदर्शन मुख्यालयाच्या, फेऱ्या मारणारा. शिवाय मालिकेची भूक वेगळी असते. ‘हम लोग’चे १५६ भाग झाले. एवढ्या लांबणीला दर आठवड्याला नवा पेच लागतो. सईंची ताकद कॉफीच्या कपात आख्खा पेच मावेल अशा लेखनात आहे, आणि असं लेखन ताणलं की पाणचट होतं. त्यांनी मालिका वाईट केल्या असं मला म्हणायचं नाही. माध्यमाचं नाव तेच राहिलं आणि आतला धंदा बदलला, एवढंच. ज्या दूरदर्शनने त्यांना घडवलं त्याची जात टेलिफिल्म आणि नाटिकेची होती, एका बैठकीत संपणारी. आठवड्याच्या हप्त्यांवर चालणारं दूरदर्शन हे दुसरंच प्रकरण होतं, आणि त्यात पुढे वेगळ्या प्रकारची माणसं मोठी झाली. उगाच दोष द्यायचा तर दोघांपैकी कुणालाच देता येत नाही.

मुंबई दूरदर्शनच्या मराठी निर्मात्यांशी इथे तुलना करण्यासारखी आहे. विनायक चासकर, विनय आपटे यांच्यासारखी माणसं नाटकातून आली होती आणि ‘गजरा’सारख्या कार्यक्रमात छोट्या प्रहसनांतून तेच करत होती: थोड्या जागेत, थोड्या वेळात, चार नटांत धमाल उडवायची. पुढच्या मराठी नाटक-सिनेमातले कितीतरी चेहरे त्यातून आले. त्यावर स्वतंत्रपणे लिहायला हवं. सईंचं वेगळेपण इतकंच की त्यांनी ही कारागिरी हिंदीत नेली, सिनेमात नेली आणि तिथे तिला राष्ट्रीय पारितोषिकं मिळवून दिली. सिनेमा गाजल्यामुळे मूळ कारागिरी मात्र झाकली गेली.

पुढचं थोडक्यात. ‘दिशा’ (१९९०), ‘पपीहा’ (१९९३), ‘साज’ (१९९७) हे सिनेमे झाले. २००६ साली पद्मभूषण मिळालं. २०१३ मध्ये ‘चश्मे बद्दूर’चा रिमेक आला त्याच दिवशी मूळ सिनेमा झळाळी देऊन पुन्हा लावला गेला, आणि तिकीट काढून तो बघायला गेलेल्यांत तो पहिल्यांदा लागला तेव्हा जन्मलेलेही नसलेले खूप होते.

या मोठ्या सिनेमांच्या मधल्या जागेत सई पुन्हा पुन्हा छोट्या, सार्वजनिक पैशावर होणाऱ्या कामांकडे वळताना दिसतात. महाराष्ट्रातल्या एका गावातल्या बायकांच्या दारूबंदीच्या लढ्यावर फिल्म्स डिव्हिजनसाठी ‘चूडियाँ’ केली, तिला सामाजिक विषयावरच्या चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणि सुईतून नशा करणाऱ्यांच्या उपचारांवर व पुनर्वसनावर ‘सुई’ केली, ती १ डिसेंबर २००९ ला, जागतिक एड्स दिनी, दूरदर्शनवर दाखवली गेली. लांबी एकोणतीस मिनिटं. अर्ध्या तासाच्या वेळेत चपखल बसेल एवढीच.